नोरिकोची एक दिवसाची रजा

यासुजिरो ओझू यांचा ‘टोकियो स्टोरी’ हा बोलपट १९५३ साली जपानात निघाला. त्याला कौटुंबिक चित्रपट म्हणतात, आणि ते खरेही आहे. पण आम्ही कामगार चळवळीतली माणसे त्याकडे इतिहासाचा एक कागद म्हणून पाहतो.

कथा एवढीशीच. ओनोमिची या बंदराच्या गावचे म्हातारे जोडपे टोकियोला मुलांकडे जाते. थोरला डॉक्टर, फिरायला निघावे तोच रोग्याचे बोलावणे येते. मुलीचे केशभूषेचे दुकान. तिला सवड नाही. दोघे पैसे काढून आईबापांना अतामीच्या गरम झऱ्यांवर धाडतात. तेथील गोंगाटात म्हाताऱ्यांना झोप लागत नाही. युद्धात गेलेल्या मुलाची विधवा नोरिको मात्र कचेरीतून एक दिवसाची रजा काढते, सासू-सासऱ्यांना बसमधून शहर दाखवते आणि शेजारणीकडून साके मागून आणून आपल्या एका खोलीत त्यांचा पाहुणचार करते.

या कथेमागे कायदा उभा आहे. १८९८ च्या संहितेने जपानी घराला कर्ता नेमून दिला होता. लग्नाला त्याची संमती लागे, आणि कर्तेपण बहुधा थोरल्या मुलाकडे जाई. १ जानेवारी १९४८ पासून नव्या संहितेने ही व्यवस्था मोडली. १९४७ च्या कामगार कायद्याने आठ तासांचा दिवस आणि भरपगारी रजा मान्य केली होती.

श्रोतेहो, सक्ती गेली. मग कर्तव्य उरले कोठे? ओझू कोणाला दोषी धरत नाहीत. मुले दुष्ट नाहीत. पोटाने बांधलेली आहेत. रेल्वेत नोकरी करणारा ओसाकाचा मुलगा कामानिमित्त परगावी असतो, आणि आईच्या मरणाला पोचत नाही. घरचा कर्ता गेला, तेथे हजेरीपट आला. डॉक्टर आणि दुकानदारीण यांना तर रजा मागायलाही कोणी नाही.

नोरिकोलाही आम्ही देवी करू नये. सासरा पुन्हा लग्न कर म्हणतो, तेव्हा ती कबूल करते की नवऱ्याची आठवण न येणारे दिवसही जातात, आणि मन कशाची तरी वाट पाहत राहते. ओढ आणि कर्तव्य एकाच मनात नांदतात, हे तिने लपवले नाही.

माया कायद्याने उपजत नाही. पण मायेला वेळ लागतो, आणि वेळ कायद्याने मिळवता येतो. रजेच्या मागणीला ऐषाराम म्हणणाऱ्यांना आम्ही नोरिकोचा तो एक दिवस दाखवू.