चिमणराव, वागळे आणि आपण सिल्वासाकर

गेल्या वर्षी, ऑगस्ट २०२५ मध्ये, गणपतीच्या दिवसांतच बाळ कर्वे गेल्याची बातमी आली. वय ९५. आरतीनंतर मंडपात दोन-चार ज्येष्ठ सभासद "आपले गुंड्याभाऊ गेले" असं एकमेकांना हळहळून सांगत होते आणि त्यांच्या शेजारी उभी असलेली तरुण मंडळी नुसतीच मान हलवत होती. मी मधल्या वयाचा. मला नाव ठाऊक होतं, ते वडिलांच्या तोंडून ऐकलेलं. मालिका मात्र मी पाहिलेली नव्हती. ती सिल्वासापर्यंत कधी पोचलीच नाही. ती का पोचली नाही, हे शोधायला बसलो आणि त्यातून हा लेख झाला.

मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ रोजी. पुढच्याच वर्षी पुण्यात, सिंहगडावर, मुंबईचे कार्यक्रम पुढे पोचवणारं केंद्र झालं. म्हणजे दूरदर्शनचं मराठी त्या काळी मुंबई-पुण्याच्या टापूतच दिसायचं. संध्याकाळचे काही तास कार्यक्रम, तेही कृष्णधवल, आणि ज्याच्या घरी संच त्याच्याकडे सगळी चाळ. अशा दिवसांत, सत्तरच्या दशकाच्या अखेरीस, याकूब सईद आणि विजया जोगळेकर या निर्मात्यांनी चिं. वि. जोशींच्या गोष्टींवर 'चिमणराव' ही मालिका आणली. दिलीप प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ, स्मिता पावसकर काऊ. मराठी दूरदर्शनवरचं पहिलं गाजलेलं विनोदी कुटुंब ते हेच. १९७९ मध्ये ह्याच जोडीचा चित्रपटही आला.

चिमणराव म्हणजे पोटापुरता पगार मिळवणारा कारकून. अंगाने काटकुळा, स्वभावाने भित्रा, शिकलेला, आणि आपलीच फजिती आपल्याच तोंडाने सांगणारा. गुंड्याभाऊ त्याच्या उलट: धिप्पाड, पुस्तकांशी फारसं सख्य नसलेला, पण वेळ आली की पुढे होणारा. ह्या घरात श्रीमंतीचं स्वप्न नाही, खलनायक नाही. एखादं साधं काम करायला जायचं आणि ते चुकत चुकत आणखी वाढवून ठेवायचं, एवढंच. ज्याने कधी सरकारी कचेरीत आवक-जावकच्या टेबलावर बसून काम केलं आहे, त्याला हा माणूस वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

मला सर्वांत गंमत वाटली ती पुढच्या गोष्टीची. चिमणराव वाचताना अस्सल पुणेरी वाटतो. त्याचे लेखक चिं. वि. जोशी (१८९२-१९६३) पुण्याचेच. पण त्यांची नोकरी बडोद्याला. बडोदा कॉलेजात ते पाली शिकवत, बौद्ध वाङ्मयाचे गाढे अभ्यासक होते आणि पुढे संस्थानच्या दप्तराचंही काम त्यांनी पाहिलं. म्हणजे दिवसा पाली आणि जुनी दफ्तरं, आणि उरल्या वेळात चिमणराव! अवतीभवती गुजराती बाजार असताना, नोकरीसाठी गाव सोडलेल्या माणसाने हे मराठी घर उभं केलं. सिल्वासात बसून वाचणाऱ्याला ही बाब जरा जास्तच जवळची वाटते. पडद्यावरही ही जोडी जुनीच आहे. मास्टर विनायकांच्या 'लग्न पहावे करून' (१९४०) आणि 'सरकारी पाहुणे' (१९४२) ह्या चित्रपटांत दामूअण्णा मालवणकर आणि विष्णुपंत जोग ह्यांनी ती रंगवली होती.

दूरदर्शनवरचा चिमणराव मात्र फार काळ चालला नाही. आजच्यासारखं रोज रात्री अर्धा तास, हजार भाग, असा तो जमानाच नव्हता. शिवाय त्या काळी ध्वनिचित्रफिती महाग असत. जुना कार्यक्रम पुसून त्याच फितीवर नवा घेण्याची रीत होती. आमच्या खात्यात जुनी फाईल रद्दीत टाकायची तरी तिची नोंद करावी लागते, सही लागते. इथे लोकांच्या मनात घर केलेल्या कार्यक्रमांच्या बाबतीत तेवढाही सोपस्कार झाला नसावा. आज चिमणराव पाहायचा म्हटलं तर फारच थोडा हाती लागतो.

आता आमच्याकडची बाजू. माझे वडील नोकरीसाठी इथे आले ते ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला. चिमणराव त्यांनी मुंबईत, शेजाऱ्यांच्या दारात उभं राहून पाहिला होता. इथे आल्यावर मराठी कार्यक्रम जवळजवळ तुटलेच. कौलांवर चढून अँटेना मुंबईच्या दिशेला फिरवायचा, खालून आई ओरडायची, "आलं... गेलं... आलं!" आणि जे यायचं ते मुंग्यांच्या वारुळासारखं. १९८४ च्या सुमारास देशभर छोटी प्रक्षेपण केंद्रं धडाक्याने उभी राहिली, पण त्यांवर दिसायची ती दिल्ली. मुंबईचं मराठी मुंबईच्याच टापूत राहिलं.

आणि मग १९८८ मध्ये आली 'वागळे की दुनिया'. मी सहा-सात वर्षांचा असेन. आर. के. लक्ष्मण ह्यांच्या कल्पनेतून आलेली, दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची, कुंदन शहा ह्यांच्या दिग्दर्शनाची ही मालिका. पुन्हा एक कारकून, पुन्हा महिनाअखेर, पुन्हा साध्या कामाचा घोळ. पहिल्या दिवशी वडील उठून संचाजवळच जाऊन बसले. "अरे, हा तर आपला चिमणराव! पण हिंदी का बोलतोय?"

प्रश्न बरोबर होता. वागळे नाव मराठी, घर मुंबईचं, राधिका वागळे झालेल्या भारती आचरेकर तर अस्सल मराठी, माणिक वर्मांच्या कन्या. पण वागळे साकारला अंजन श्रीवास्तव ह्यांनी, जे कोलकात्यात वाढले, आणि कल्पना मैसूरच्या लक्ष्मण ह्यांची. एका भागात वागळ्यांना गाडीची धडक देणारा तरुण म्हणून शाहरुख खान येऊन गेला, तेव्हा त्याला कोण ओळखत होतं! ही मालिकाही थोडक्यातच आटोपली. तरी लोकांना ती इतकी लक्षात राहिली की २०२१ मध्ये वागळ्यांची पुढची पिढी नव्याने पडद्यावर आली.

ह्या दोन्ही घरांतली एक गोष्ट मला नोकरदार म्हणून फार आवडते. बाळ कर्वे मुंबई महापालिकेत नोकरीला होते. अंजन श्रीवास्तव बँकेत. म्हणजे मस्टरवर सही करून मग हे लोक चित्रीकरणाला जात असणार. चाकरमान्याचं सोंग त्यांना आणावं लागलं नसेल.

वडील वागळे आवडीने बघायचे, पण संपल्यावर दर वेळी म्हणायचे, "काऊ असती तर हेच मराठीत बोलली असती." तेव्हा मला ते खुळचट वाटे. घराबाहेर आम्ही पोरं हिंदी नाहीतर गुजरातीच बोलायचो, टीव्हीही हिंदी बोलत होता. त्यात काय बिघडलं? नंतर १९९९ मध्ये उपग्रहावरून अल्फा मराठी वाहिनी आली. केबलवाल्याला दोन-तीनदा गाठून तिची वायर घरात आणवली. मग २००१ मध्ये 'श्रीयुत गंगाधर टिपरे' लागली आणि त्यातले आबा कोण, तर तेच दिलीप प्रभावळकर. वडिलांचा तरुण चिमणराव मला एकदम आजोबा होऊनच भेटला. त्या मालिकेच्या वेळी वडील कुणाचा फोनही घेत नसत. ती संपली २००४ साली. वडील त्यानंतर फार वर्षं राहिले नाहीत.

यंदा मुलांच्या कार्यक्रमात आपण चिमणरावाच्या एका गोष्टीवर छोटं प्रहसन बसवत आहोत. तालमी रविवारी सकाळी असतात. माझी मुलगी काऊ झाली आहे. तिची शाळा गुजराती माध्यमाची. मराठी बोलते चांगलं, पण वाचताना अडखळते. परवा तिची वही उघडून पाहिली तर काऊचे सगळे संवाद तिने गुजराती अक्षरांत उतरवून घेतले होते. मी वही तशीच मिटून ठेवली. तिला सगळं पाठ झालं आहे.