वाकलेल्या काळाची कुळकथा

ककुद्मी राजा आपल्या मुलीसाठी, रेवतीसाठी, वर विचारायला थेट ब्रह्मलोकी गेला. तिथे गंधर्वांचे गाणे रंगले होते. ते संपेपर्यंत तो थांबला आणि मग त्याने मनातली स्थळे सांगितली, तेव्हा ब्रह्मदेवाला हसू आले. ती मुले तर गेलीच, त्यांच्या नातवा-पणतवांची नावेही आता कोणी घेत नाही. खाली सत्तावीस चतुर्युगे उलटली आहेत. भागवताच्या नवव्या स्कंधातली ही कथा पुढे करून ‘सापेक्षतावाद आमच्याकडे होताच’ असे सांगणारे पुष्कळ भेटतात. त्यांना हसण्याआधी आकडेमोड करून पाहावी. एक चतुर्युग ४३,२०,००० वर्षांचे आणि अशी हजार चतुर्युगे म्हणजे ब्रह्मदेवाचा एक दिवस, रात्र वेगळी. आपल्यासारखा तो दिवस तीस घटकांचा धरला, तर सत्तावीस चतुर्युगांची पाऊण घटकेहून थोडी जास्त होते, म्हणजे साडेएकोणीस मिनिटे. एक राग आटोपशीर मांडायला तेवढी पुरतात! हिशेब चोख आहे, पण तो कालगणनेचा. तिथला दिवस मोठा, इथला लहान, असे ते ठरलेले कोष्टक आहे. राजा किती वेगाने गेला, याचा त्यात काही संबंध नाही. तो निम्म्या वेगाने गेला असता तर किती युगे उलटली असती, हे पुराण सांगत नाही आणि त्याने ते सांगायचे कारणही नाही. त्याला रेवतीचे लग्न बलरामाशी लावायचे आहे. सिद्धांताला मात्र या ‘तर’चे उत्तर द्यावेच लागते.

दुसरा दावा एच. जी. वेल्ससाठी केला जातो. त्याची ‘टाइम मशीन’ १८९५ची, आइन्स्टाइनचा पहिला सापेक्षतावाद १९०५चा. म्हणजे कादंबरीकार दहा वर्षे पुढे होता, असे म्हणतात. हे पटण्याजोगे नाही. चौथ्या मितीची चर्चा तेव्हा चालूच होती. खुद्द कादंबरीतच सायमन न्यूकम या खगोलशास्त्रज्ञाचा दाखला आहे. शिवाय वेल्सचा काळ सरळ रस्त्यासारखा आहे. यंत्रावर बसावे, दांडा ओढावा आणि ८,०२,७०१ साली उतरावे. रस्ता कुठेच वाकत नाही. काळाला वाक आणला आइन्स्टाइनने: वेगात असलेले घड्याळ मागे पडते आणि, १९१५च्या मांडणीनुसार, जड वस्तूजवळचेही. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळे या दोन्ही परिणामांच्या वजाबाकीने दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. ती दुरुस्ती केली नाही, तर फोनवरचा पत्ता दिवसभरात काही किलोमीटर सरकेल. वेल्सने यातले काहीच सांगितले नव्हते. त्याने लावली ती एक सवय: चमत्कार दाखवण्याआधी पाहुण्यांना बसवून त्याचा नियम समजावायचा. काल्पनिक सिद्धांत खऱ्या अर्थाने सुरू होतो तो तिथे.

मराठीत ही सवय रुजवणाऱ्यांत एक नाव टोपणनावाने आले. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४च्या कथास्पर्धेत ‘कृष्णविवर’ ही कथा पहिली आली. लेखक नारायण विनायक जगताप. आद्याक्षरे उलटी वाचली की खगोलशास्त्रज्ञ जयंत विष्णु नारळीकर सापडतात. शास्त्रज्ञ लिहू लागला की कथेत फळा येतो, ही तक्रार जुनी आहे आणि पुष्कळ विज्ञानकथांच्या बाबतीत रास्तही. पण काळ वाकवायचा असेल तर तो फळा कथेचाच असतो. गणित काढून टाकले की उरतो तो पुन्हा ककुद्मी.

यावर कोणी म्हणेल, नियम सांगितला तरी ती सजावटच. विज्ञानाला तिचा काय उपयोग? खगोलशास्त्रज्ञ कार्ल सेगन यांची ‘कॉन्टॅक्ट’ ही कादंबरी १९८५ साली आली. ती लिहिताना त्यांनी नायिकेला कृष्णविवरातून पाठवले होते आणि भौतिकशास्त्रज्ञ मित्र किप थॉर्न यांचे मत मागितले. ती जिवंत बाहेर पडणार नाही, असे थॉर्न यांना दिसले. त्यांनी अवकाशातल्या बोगद्याचा, म्हणजे कृमिविवराचा, मार्ग सुचवला आणि मग स्वतःच त्या गणितात अडकले. बोगदा उघडा राहायला ऋण ऊर्जेचे द्रव्य लागते, असे निघाले. १९८८मध्ये निबंध छापून आले. त्यांतल्या एकात पुढचे पाऊलही होते: बोगद्याचे एक तोंड वेगाने फिरवून आणले, तर दोन तोंडांची घड्याळे जुळत नाहीत आणि भूतकाळात जायची वाट निघते. गणितज्ञ कुर्ट गोडेल यांनी १९४९ सालीच, कुठल्याही कादंबरीवाचून, अशी वाट समीकरणांत दाखवली होती, हे खरे. मात्र त्यांच्या त्या वाटेसाठी सगळे विश्व गरगर फिरायला हवे होते, आणि आपले तसे दिसत नाही. ‘एका बाईला जायचे आहे आणि जिवंत परत यायचे आहे’ ही अट समीकरण स्वतःहून घालत नाही. ती कथेने घातली, म्हणून त्या बोगद्याचा जमाखर्च मांडला गेला. पुढे १९९२ साली स्टीफन हॉकिंग यांनी निसर्ग अशा वाटा बंदच ठेवत असावा, असा तर्क मांडला. तो अजून सिद्ध झालेला नाही.

थॉर्न यांना २०१७ साली नोबेल मिळाले. ते गुरुत्वीय लहरींसाठी होते.