छपराचा जमाखर्च

टेंभी नाक्यावर मान वर केली की जर्मनी दिसते. थट्टा नाही! मंगलोरी कौलांचा कारखाना 1865 साली बासेल मिशनच्या प्लेब्स्ट नावाच्या जर्मन गृहस्थाने काढला. कौलं गेली, स्लॅब आला, त्याच्यामागेही जर्मनच. 1919 साली वायमारला वॉल्टर ग्रोपियसने बाउहाउस ही शाळा काढली. नक्षी नको, छप्पर सपाट! 1928 साली बर्लिनमध्ये रस्त्याच्या एका अंगाला सपाट छपरं, समोर उतरती, असं चक्क छपरांचं भांडण जुंपलं. 1933 साली नाझींच्या जाचाने शाळा बंद पडली. ग्रोपियस इंग्लंडमार्गे हार्वर्डला पोचला आणि तिथे त्याला शिष्य लाभला तो आपल्या आचऱ्याचा, अच्युत कानविंदे! कानपूरची आयआयटी त्यांचीच.

आता बर्लिनचा पाऊस भुरभुरतो, ठाण्याचा कोसळतो. म्हणून आमच्या सोसायट्यांनी गळक्या स्लॅबवर सांगाडा ठोकून पत्र्याचं उतरतं छप्पर चढवलं. बर्लिनचे दोन्ही पक्ष एकाच इमारतीवर! बाउहाउसचा मूळ आग्रह होता, गरज पाहून बांधा. आम्ही आकार तेवढा उचलला, गरज पाहायची राहिली. ही बाकी खात्यावर अजून उभी आहे, आणि व्याज दर पावसाळ्यात छतातून टपकतं.