निर्दोष मुक्तता व बडतर्फ शासकीय कर्मचाऱ्याचे सेवाहक्क

फौजदारी न्यायालयातून निर्दोष सुटलेल्या बडतर्फ शासकीय कर्मचाऱ्यास नोकरी आपोआप परत मिळत नाही. त्याचा हक्क बडतर्फीच्या आधारावर ठरतो. भारतीय संविधानाच्या अनुच्छेद ३११(२) च्या दुसऱ्या परंतुकानुसार (मूळ नियमाला अपवाद करणारी तरतूद), दोषसिद्धीस कारण ठरलेल्या वर्तनाबद्दल कर्मचाऱ्यास विभागीय चौकशीविना बडतर्फ करता येते. मात्र अपिलात ती दोषसिद्धीच रद्द झाली, तर आदेशाचा पाया ढासळतो आणि पुनःस्थापनेचा, म्हणजे सेवेत परत घेतले जाण्याचा, दावा बळकट होतो. स्वतंत्र विभागीय चौकशीनंतर झालेली बडतर्फी मात्र सहसा टिकते, कारण फौजदारी खटल्यात वाजवी संशयापलीकडचा पुरावा लागतो, तर चौकशीत संभाव्यतेचे पारडे कोणीकडे झुकते एवढेच पाहिले जाते. साक्षीदार फितूर झाल्याने किंवा संशयाचा फायदा मिळाल्याने झालेली सुटका ‘सन्मानपूर्वक मुक्तता’ मानली जात नाही. ही संज्ञा फौजदारी प्रक्रिया संहितेत नव्हतीच. ती न्यायनिर्णयांतून रूढ झाली व आजही काहीशी धूसर आहे. आरोप, साक्षीदार व पुरावा दोन्हीकडे एकच असून न्यायालयाने आरोप पुराव्यानिशी खोटा ठरवला असल्यास बडतर्फी कायम ठेवणे अन्यायकारक होय, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये म्हटले आणि २०२३ मध्येही, केवळ ‘संशयाचा फायदा’ या शब्दांवर न थांबता, निकालपत्राचे सार पाहिले. मागील वेतन हा वेगळा प्रश्न असून पुनःस्थापनेबरोबर ते मिळेलच असे नाही. महाराष्ट्रात राज्य शासकीय कर्मचाऱ्यास यासाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते.