ज्योतिर्विद हार्लो शॅप्ले

आकाशगंगेच्या दुधी पट्ट्यांत आपला सूर्य नेमका कोठें आहे, हें विसाव्या शतकाच्या आरंभीं कोणासच नीट ठाऊक नव्हतें. तो मध्याजवळच असावा, असा बहुतेक शास्त्रज्ञांचा समज होता. हा समज ज्यांनीं खोटा ठरविला, ते अमेरिकन ज्योतिर्विद हार्लो शॅप्ले होत.

शॅप्ले यांचा जन्म १८८५ सालीं मिसूरी संस्थानांत झाला. तरुणपणीं त्यांनीं बातमीदाराचें काम केलें आणि विद्यापीठांत गेले तेहि वृत्तपत्रविद्या शिकावयास. परंतु ती शाखा उघडण्यास वर्षाचा अवधि होता. विषयांच्या यादींतील पुराणवस्तुशास्त्राचा इंग्रजी उच्चार जमेना, म्हणून पुढचा ज्योतिःशास्त्र हा विषय घेतला, असें ते स्वतःच विनोदानें सांगत.

१९१४ सालीं ते कॅलिफोर्नियांतील माउंट विल्सन वेधशाळेंत गेले. कांहीं तारे ठराविक मुदतीनें तेजस्वी व मंद होतात. ही मुदत जितकी मोठी, तितका तारा मूळचा अधिक तेजस्वी, हा नियम हेन्रिएटा लेव्हिट या विदुषीनें १९१२ सालीं प्रसिद्ध केला होता. मूळचें तेज कळलें म्हणजे दिसणाऱ्या तेजावरून अंतर काढतां येतें. हें माप घेऊन शॅप्ले यांनीं गोलाकार तारकागुच्छांचीं अंतरें काढलीं. ते गुच्छ धनु राशीच्या बाजूस दाटलेले आढळले. म्हणून आकाशगंगेचा मध्य तिकडे असून सूर्य त्यापासून फार दूर आहे, असें त्यांनीं १९१८ सालीं दाखविलें. आकाशगंगेचा विस्तार मात्र त्यांनीं तीन लक्ष प्रकाशवर्षें धरला. वाटेंतील धूळ ताऱ्यांचें तेज मंद करते, हें तेव्हां हिशेबांत आलें नव्हतें. आज तो सुमारें एक लक्ष मानतात.

एवढ्या विशाल आकाशगंगेबाहेर दुसऱ्या आकाशगंगा असतील, हें त्यांना पटेना. २६ एप्रिल १९२० रोजीं वॉशिंग्टन येथें हीबर कर्टिस यांच्याशीं त्यांचा जाहीर वाद झाला. सर्पिल तेजोमेघ हीं स्वतंत्र विश्वें आहेत, हें कर्टिस यांचें म्हणणें होतें.

फेब्रुवारी १९२४ मध्यें एड्विन हबल यांचें पत्र आलें. देवयानींतील तेजोमेघांत त्यांना तसाच एक रूपविकारी तारा सांपडला होता, आणि त्याच मापानें त्याचें अंतर आकाशगंगेच्या पार पलीकडे निघत होतें. या पत्रानें आपलें विश्व उद्ध्वस्त केलें, असे उद्गार शॅप्ले यांनीं काढल्याचें त्यांच्या सहकारी सेसिलिया पेन यांनीं पुढें सांगितलें. आरंभीं त्यांनीं शंका काढल्या. पण वेधांची भर पडतांच आपलें मत सोडलें.

इतकेंच नव्हे, तर ज्या दीर्घिका त्यांनीं नाकारल्या होत्या, त्यांच्याच अभ्यासास उरलेलें आयुष्य वाहिलें. १९२१ ते १९५२ पर्यंत ते हार्वर्ड वेधशाळेचे संचालक होते. १९३२ सालीं ॲडिलेड एम्स यांच्यासह त्यांनीं १,२४९ दीर्घिकांची सूची प्रसिद्ध केली. वेधशाळेंतून दिलेल्या नभोवाणी-भाषणांचा संग्रह त्यांनीं पेन यांच्यासमवेत १९२६ सालींच संपादिला होता. बातमीदाराची सोपी भाषा ते विसरले नव्हते. १९७२ सालीं त्यांचें निधन झालें.

दुसऱ्यास लावलेलें माप आपल्या मतासहि लावूं द्यावें, हा शास्त्राचा धर्म आहे. तो पाळणें किती अवघड असतें, हें शॅप्ले यांच्या चरित्रावरून दिसतें.