कॅसेट, फुंकर आणि बटनसेल

आपण ज्याला सरसकट ‘कॅसेट’ म्हणायचो, ते व्हिडिओ गेमचे कार्ट्रिज १९७६ साली ‘फेअरचाइल्ड चॅनल एफ’सोबत बाजारात आले. जेरी लॉसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे ते काम. हातात धरून खेळायच्या यंत्रात बदलती कॅसेट आली १९७९ मध्ये, ‘मायक्रोव्हिजन’मध्ये, पण तिच्यातली चिप स्थिर विजेने सहज बिघडे.

१९८९ च्या गेम बॉयमध्ये निन्टेन्डोने साधी युक्ती केली. कॅसेटच्या कोपऱ्याला खाच ठेवली. बटण सरकवून यंत्र सुरू केले की त्याचा दात खाचेत बसे आणि चालू खेळात कॅसेट निघत नसे.

गेम अडला की जगभरची मुले फुंकर मारत. खरे तर काम होई ते काढून पुन्हा बसवल्याने. फुंकरीतली ओल उलट धातूच्या पट्ट्या गंजवते. आयसोप्रोपिल अल्कोहोल लावलेल्या कापसाने पुसून पूर्ण वाळू देणे, हाच उपाय.

पुसून न वाचणारी गोष्ट एकच. ‘पोकेमॉन’सारख्या खेळांत आपली प्रगती आतल्या बटनसेलवर टिकून असते. सेल संपला की सगळे जाते, नुसता बदलला तरी जाते. आधी ती माहिती संगणकावर उतरवावी लागते.

मित्रमैत्रिणींनो, कुणाच्या माळ्यावर अशी कॅसेट असेल तर मेळाव्याला जरूर आणा. उतरवायचे साधन मी आणते. सात अक्षरांत बसवलेले तुमचे शाळेतले नाव कदाचित अजून तिच्यात असेल.