रडतराऊत

रडतराऊत (नाम, पुल्लिंगी, रूपभेद रडतराव). मिळालेल्या गोष्टीत समाधान न मानता तिच्यातले उणे शोधणारा आणि ते उणे येताजाता बोलून दाखवणारा माणूस. अंगावर आलेले काम रडतखडत करणारा, असा दुसरा अर्थ. आजच्या बोलण्यात पहिला अर्थ जास्त चालतो, दुसरा 'रडतराव घोड्यावर स्वार' या म्हणीत टिकून आहे. दोन्ही अर्थांत शब्द निंदाव्यंजक आहे. माणूस स्वतःला रडतराऊत म्हणवून घेत नाही, ते नाव दुसऱ्याने ठेवलेले असते. या नोंदीत पुढे जे सांगितले आहे ते बहुतेक या एका गोष्टीभोवती फिरते.

व्युत्पत्ती व रूपे. 'रडत' आणि 'राऊत' यांचा समास. राऊत म्हणजे घोडेस्वार. संस्कृत 'राजपुत्र' शब्दापासून प्राकृतातून हे रूप आले असे मानले जाते. मराठ्यांच्या घोडदळात स्वतःचा घोडा आणि हत्यारे घेऊन येणारा तो शिलेदार आणि सरकारी घोड्यावर बसणारा तो बारगीर. राऊत हा दोघांनाही लागू पडणारा सैल शब्द. पुढे तो आडनाव झाला आणि विदर्भात आजही गावोगाव आढळतो. 'रडतराव' या रूपात लष्करी खूण पुसली गेली असून नुसती उपहासाची 'राव' ही पदवी उरली आहे. म्हणीतला घोडा पाहता 'राऊत' हेच रूप मुळाशी जास्त जुळते.

म्हणीचा अर्थ दोन तऱ्हांनी लावतात. एक असा, की ज्याला लढाईला जायचेच नाही त्याला घोड्यावर बसवून दिले तर तो काय लढणार. दुसरा असा, की घोडा मिळाला, मान मिळाला, तरी याचे रडणे चालूच. पहिल्या अर्थात दोष निम्मा बसवणाऱ्याचा आहे, दुसऱ्यात सगळा बसणाऱ्याचा. असंतुष्ट स्वभावाचा माणूस हा आजचा अर्थ दुसऱ्या तऱ्हेतून पुढे आला असावा.

जवळचे शब्द. या स्वभावासाठी मराठीत शब्दांची चणचण नाही. त्यांतले बरेचसे ध्वनीवरून आलेले आहेत: किरकिर, कुरकुर, पिरपिर, भुणभुण, कटकट, धुसफूस. त्यांना 'या' प्रत्यय लावला की माणूस तयार होतो: किरकिऱ्या, कुरकुऱ्या, पिरपिऱ्या, कटकट्या. वरवर पाहता हे सगळे एका अर्थाचे वाटतात, पण प्रत्येकाचा आवाज वेगळा आणि म्हणून अर्थही वेगळा.

कुरकुर हा दबलेला आवाज. वंगण नसलेले गाडीचे चाक कुरकुरते, ढिली बाज कुरकुरते. काम चालू असते आणि करणारा त्याबरोबर कुरकुरत असतो, काम टाकून जात नाही. किरकिर बारीक आणि टोचणारी. रातकिड्यांची असते आणि तान्ह्या मुलाची असते. मूल किरकिर करायला लागले की घरातली म्हातारी आधी त्याच्या कपाळाला हात लावते, कारण किरकिरीमागे ताप असतो, पोट दुखत असते, दात येत असतात. मोठ्या माणसाला किरकिऱ्या म्हणताना मात्र कपाळाला हात लावायची पद्धत नाही. पिरपिर पावसाची: जोर नाही, पण खंडही नाही. भुणभुण कानाशी होते आणि तीही एकाच्याच कानाशी. नवऱ्यापाशी, बायकोपाशी, साहेबापाशी भुणभुण लावतात, चारचौघांत नाही. धुसफूस हा शब्दांविना चालणारा प्रकार. भांडी आदळतात, दार जोरात लागते. वर्तमानपत्रांनी तो पक्षांतर्गत नाराजीसाठी उचलला आणि 'पक्षात धुसफूस' हा मथळा कायमचा करून टाकला. कटकट या शब्दाची गंमत अशी की तो ऐकणाऱ्याचा आहे. बोलणाऱ्याच्या मनात काय आहे हे तो सांगत नाही, ऐकणाऱ्याला त्रास होतो एवढेच सांगतो.

चेहऱ्यावरून आलेला गट लहान आहे: रडतोंड्या, सुतकी चेहऱ्याचा, एरंडेल प्यायल्यासारखे तोंड करणारा, नाके मुरडणारा. कृतीवरून आलेले: खुसपटे काढणारा, नन्नाचा पाढा म्हणणारा, टुमणे लावणारा. 'रडीचा डाव' खेळणारा वेगळा. तो हरल्यावर रडतो, रडतराऊत जिंकल्यावरही. 'नाचता येईना अंगण वाकडे' ही म्हण याच कुटुंबातली मानतात, पण तिथे तक्रार हे निमित्त असते आणि झाकायची असते ती उणीव. कायमच्या तक्रारीचा जगावर काय परिणाम होतो हे 'रोज मरे त्याला कोण रडे' या म्हणीत आले आहे.

तक्रार, फिर्याद, गाऱ्हाणे. 'तक्रार' हा शब्द अरबीतून फारसीमार्गे मराठीत आला. मूळ अर्थ पुनरुक्ती, तेच ते पुन्हा सांगणे. मराठीत पुनरुक्तीचा अर्थ गळाला आणि गाऱ्हाण्याचा उरला. 'खोर' लावून झालेला 'तक्रारखोर' मात्र तो जुना अर्थ परत घेऊन येतो, कारण तक्रारखोर म्हणजे एकदा तक्रार करणारा नव्हे. 'फिर्याद' फारसी आहे आणि तिचा मूळ अर्थ आक्रोश, मदतीसाठी घातलेली हाक. कचेरीत तिला कागद आणि शिक्का मिळाला आणि आक्रोश करणारा 'फिर्यादी' झाला. त्याला कोणी रडतराऊत म्हणत नाही.

कोकणात गाऱ्हाण्याला याहून मोठा मान आहे. सिंधुदुर्ग आणि रत्नागिरीच्या गावांत ग्रामदेवतेपुढे 'गाऱ्हाणे घालतात'. मानकरी उभा राहून 'बा देवा म्हाराजा' अशी हाक घालतो, गावाची अडचण, घरादाराची इडापिडा एकेक करून सांगतो आणि भोवतीची मंडळी प्रत्येक वाक्याला 'व्हय म्हाराजा' म्हणत साथ देतात. दरवर्षी तेच गाऱ्हाणे, जवळपास त्याच शब्दांत. त्यातल्या पुनरुक्तीला रडगाणे म्हणण्याचे धाडस कोणी करत नाही, कारण ऐकणारा कोण हे ठरलेले आहे आणि साऱ्या गावाने होकार भरलेला आहे.

बायकांची तक्रार याच जातीची, पण तिला देऊळ नव्हते. ती जात्यावर बसून सांगितली गेली. गी प्वातवँ आणि हेमा राईरकर या अभ्यासकांनी सहकाऱ्यांसह महाराष्ट्रातून एक लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. सासर, माहेर, भाऊ, दळणाचे कष्ट, पोटची लेक यांविषयीची जी नाराजी त्यांत आहे, ती घरात दिवसाढवळ्या बोलली असती तर 'कटकट' ठरली असती. पहाटे, दगडाच्या घरघरीबरोबर, ती ओवी झाली.

संस्कृत परंपरा. महाभारताच्या उद्योगपर्वातील विदुरनीतीत नेहमी दुःखी असणाऱ्या सहा प्रकारच्या माणसांत असंतुष्टाची गणना आहे. मत्सरी, रागीट, सदा संशयी आणि दुसऱ्याच्या नशिबावर जगणारा हे त्याचे काही शेजारी. त्याच महाभारताच्या सभापर्वात दुर्योधन मात्र असंतोष हेच वैभवाचे मूळ असल्याचे सांगतो आणि आपल्याला तोच हवा म्हणतो. दोन्ही मते एकाच ग्रंथात आहेत. कीर्तन-प्रवचनांत पहिले जास्त ऐकू येते.

संतवाङ्मयात समाधानाचा गौरव आहे. त्याची उलट बाजू म्हणून दासबोधात करंटलक्षणाचा, म्हणजे करंट्या माणसाच्या खुणांचा, स्वतंत्र समास आहे.

राजकारणात. मराठी राजकीय भाषेत 'असंतोष' आणि 'असंतुष्ट' हे दोन शब्द एका धातूचे असून परस्परांच्या उलट दिशांना गेले. व्हॅलेंटाइन चिरोल या इंग्रज पत्रकाराने १९१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'इंडियन अनरेस्ट' या पुस्तकात टिळकांना हिंदी असंतोषाचा जनक ठरवले. तो आरोप होता. टिळकांनी चिरोलवर लंडनमध्ये बदनामीचा दावा लावला आणि १९१९ मध्ये ते तो हरले. पण 'भारतीय असंतोषाचे जनक' ही महाराष्ट्रात बिरुदावली होऊन बसली आणि शाळेच्या पुस्तकांतून आजवर आदराने चालत आली. 'असंतुष्ट' शब्दाच्या वाट्याला असे भाग्य आले नाही. तो काँग्रेसच्या गटबाजीच्या काळात मंत्रिपद न मिळालेल्यांसाठी रुळला आणि तिथेच राहिला. एप्रिल २०२४ मध्ये पुण्याच्या सभेत पंतप्रधान नरेंद्र मोदी यांनी नाव न घेता 'भटकती आत्मा' असा उल्लेख केला, तो शरद पवारांविषयी असल्याचे सर्वत्र मानले गेले. आपला आत्मा अस्वस्थ असतो तो शेतकऱ्यांच्या आणि सामान्यांच्या दुःखासाठी, अशा आशयाचे उत्तर पवारांनी दिले.

शेतकरी आणि 'रडणे'. महाराष्ट्रात रडण्याचा आरोप शेतकऱ्यावर वारंवार झाला आहे, म्हणून त्याची नोंद स्वतंत्र. शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेने 'भीक नको, हवे घामाचे दाम' ही घोषणा दिली. तिच्यात गाऱ्हाण्याची भाषा मुद्दाम टाकून हिशोबाची भाषा घेतलेली दिसते: उत्पादनखर्च इतका, भाव इतका, तूट इतकी. तक्रारीला आकडा जोडला की तिला रडगाणे म्हणणे अवघड जाते, हे संघटनेने नेमके ओळखले होते.

२०१६-१७ च्या हंगामात तुरीचे विक्रमी पीक आले आणि बाजारातला भाव बोनससह ५,०५० रुपये क्विंटल या हमीभावाच्या खाली गेला. खरेदी केंद्रांबाहेर गाड्यांच्या रांगा लागल्या. मे २०१७ मध्ये भाजपचे तत्कालीन प्रदेशाध्यक्ष रावसाहेब दानवे यांनी जालन्यात कार्यकर्त्यांशी बोलताना, इतकी तूर खरेदी केली तरी रडतात, अशा आशयाचे शिवीवजा वाक्य उच्चारले. त्याची चित्रफीत पसरली, राज्यभर निषेध झाले, दानवे यांनी दिलगिरी व्यक्त केली. १ जूनला पुणतांब्यातून शेतकरी संप सुरू झाला. २४ जूनला राज्य सरकारने ३४,०२२ कोटी रुपयांची आणि शेतकऱ्यामागे दीड लाखापर्यंतची कर्जमाफी जाहीर केली. एका वाक्यामुळे संप झाला असे नाही, पण त्या वाक्यावरचा राग संपाआधीच राज्यभर दिसला होता.

मारेगाव व वणी परिसर. यवतमाळ जिल्ह्याच्या मारेगाव तालुक्यात आणि शेजारच्या वणी, झरी-जामणी, केळापूर भागांत वऱ्हाडी-नागपुरी वळणाची मराठी बोलतात. गोंडी आणि कोलामी बोलणाऱ्यांची वस्तीही मोठी. इथे 'रडतराऊत' कळतो, पण तोंडात जास्त असतात ते रडका, किरकिऱ्या आणि कुरकुऱ्या. 'काऊन कुरकुर करून रायला बे?' असे विचारतात आणि 'त्याचं त रोजचंच हाय' असे म्हणून विषय संपवतात. दुसरे वाक्य पहिल्यापेक्षा कठोर आहे, कारण त्यानंतर कोणी विचारत नाही.

हा कापसाचा मुलूख. खरेदी केंद्रावर गाडी उभी राहिली की आर्द्रता मोजणाऱ्या यंत्राचे टोक कापसात खुपसतात. सीसीआयच्या (भारतीय कापूस महामंडळाच्या) हमीभाव खरेदीत ८ टक्क्यांपर्यंत पूर्ण भाव, ८ ते १२ च्या दरम्यान टक्क्यामागे कपात, १२ च्या वर कापूस घेत नाहीत. दव असताना वेचलेला कापूस गाडीच्या तळाशी ओला आणि वर कोरडा असू शकतो, म्हणजे टोक कुठे खुपसले त्यावर आकडा हलतो. शेतकरी दुसऱ्या ठिकाणी बघायला सांगतो, मग तिसऱ्या. तिसऱ्यांदा सांगणारा माणूस मागच्या रांगेला किरकिऱ्या वाटू लागतो. त्याच्या बाजूने पाहिले तर तो फक्त मोजमाप मागतो आहे.

तालुक्यातील जळका गावाचे नाव जुलै २००८ मध्ये लोकसभेत घेतले गेले. अणुकरारावरील विश्वासदर्शक ठरावाच्या चर्चेत राहुल गांधी यांनी या गावातील कलावती बांदूरकर या शेतकरी विधवेचा दाखला दिला. ऑगस्ट २०२३ मध्ये अविश्वास ठरावाच्या चर्चेत गृहमंत्री अमित शाह यांनी त्यांना घर, वीज, गॅस अशा सोयी मोदी सरकारने दिल्याचे सांगितले. त्यानंतर कलावतीबाईंनी पत्रकारांशी बोलताना ते नाकारले आणि मदत राहुल गांधींकडून मिळाल्याचे सांगितले. मदतीच्या तपशिलावरचा वाद इथे सोडवायचा नाही. नोंद घ्यायची ती एवढ्यासाठी, की एका बाईचे समाधान झाले की नाही हे दोनदा दिल्लीत ठरवले गेले आणि दुसऱ्या वेळी तर तिचे स्वतःचे म्हणणे नंतर विचारले गेले.

साहित्यात. पु. ल. देशपांडे यांच्या 'व्यक्ती आणि वल्ली' (१९६२) मधला अंतू बर्वा असंतुष्ट आहे, रडतराऊत नाही, कारण त्याची तक्रार टोमण्यातून आणि विनोदातून येते, रडण्यातून नाही.

लिंग. स्त्रीलिंगी रूप रूढ नाही. बाईला रडूबाई किंवा रडकी म्हणतात. रडूबाई हा शब्द मुलग्यालाही लावतात, त्याला लाजवण्यासाठी.

वापर. स्वभावाविषयी, ओळखीच्या माणसात, थट्टेने वापरायला हरकत नाही. ज्याचे गाऱ्हाणे अजून ऐकलेलेच नाही, त्याला हा शब्द लावू नये. लेखक आणि वार्ताहरांनी शेतकरी, कामगार, रुग्ण किंवा प्रवासी यांच्या मागणीच्या मथळ्यात 'रडगाणे' घालू नये. त्या जागी 'मागणी', 'तक्रार' किंवा 'गाऱ्हाणे' लिहावे.